घराजवळचा तुरुंग : प्रस्तावना

कायद्याच्या अभ्यासक्रमात तुरुंगाचे प्रकरण बहुधा शेवटी येते आणि घाईत उरकले जाते. या विषयात नव्याने पाऊल टाकणाऱ्या वाचकाने सुरुवात कैद्याच्या बदली-अर्जापासून करावी, असे मला मनापासून वाटते. तळाशी सही किंवा अंगठा, शेजारी तुरुंगाचा शिक्का आणि मजकुरात साधे गाऱ्हाणे : आई थकली आहे, मुलाखतीला येववत नाही.

तेलंगणातल्या आदिलाबाद जिल्ह्यात हा अर्ज फार गुंतागुंतीचा होतो. 1956 पर्यंत किनवट आणि राजुरा हे याच जिल्ह्याचे तालुके होते. राज्यपुनर्रचनेत ते तेव्हाच्या मुंबई राज्याकडे आणि 1960 मध्ये महाराष्ट्राकडे आले. सोयरिकी सीमेच्या दोन्ही बाजूंना राहिल्या. पण महाराष्ट्रात शिक्षा भोगणाऱ्या उटनूरच्या माणसाला आदिलाबादला हलवायचे, तर 1950 च्या कैदी स्थानांतरण कायद्यानुसार दोन्ही सरकारे राजी व्हावी लागतात. खटला चालू असलेल्या कच्च्या कैद्याला तर तो कायदा लागूच नाही. म्हणून 2005 मध्ये बिहारचा राजकारणी पप्पू यादव या कच्च्या कैद्याला पाटण्याच्या बेऊर तुरुंगातून तिहारला पाठवताना सर्वोच्च न्यायालयाने घटनेच्या कलम 142 चा आधार घेतला.

राज्याच्या आतल्या बदलीबाबत सईद सोहेल शेख प्रकरणाचा निकाल मुळातून वाचावा. मुंबई लोकल बॉम्बस्फोट खटल्यातील आरोपींना 2008 मध्ये आर्थर रोड तुरुंगातून इतर तुरुंगांत पांगवले गेले. कच्चा कैदी न्यायालयाच्या हवाली असतो. त्याला हलवण्याची परवानगी हा कारकुनी शेरा नव्हे, न्यायाधीशाने विचार करून द्यायचा आदेश आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये बजावले.

आणि राज्याबाहेरच्या बदलीची मागणी कशी अडते, याचे उदाहरण जी. एन. साईबाबा. 2017 मध्ये गडचिरोलीच्या न्यायालयाने माओवाद्यांशी संबंधांच्या खटल्यात त्यांना जन्मठेप दिली. चाकाच्या खुर्चीवरचा हा प्राध्यापक नागपूर तुरुंगाच्या अंडा सेलमध्ये, म्हणजे कडक बंदोबस्ताच्या कोठडीत राहिला. हैदराबादच्या चेर्लापल्ली तुरुंगात हलवा, ही घरच्यांची मागणी होती. 2020 मध्ये हैदराबादला आई वारली. शेवटची भेट झाली नाही. मार्च 2024 मध्ये उच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष सोडले, तेव्हा ते नागपूरच्याच तुरुंगातून बाहेर पडले. संयुक्त राष्ट्रांच्या 2015 च्या मंडेला नियमांतला 59 वा नियम, शक्य तितके घराजवळ ठेवा, असे सांगतो. आपल्याकडे तो अजून हक्क झालेला नाही; तो व्हायला हवा.

मराठी, तेलुगू, गोंडी, उर्दू कानावर घेत वाढलेल्या सीमेवरच्या विद्यार्थ्यांनी या कामात यावे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या वकिलांना भेटा, अर्ज वाचा, अर्जदाराच्या घरच्यांशी त्यांच्या भाषेत बोला.