मेम्फिसची उपेक्षित तबकडी



कामगारांच्या सभा घेत पन्नाशी ओलांडलेल्या माणसाने विलायती गायिकेच्या तबकडीवर बोलावे, याचे आपणांस नवल वाटेल. माझे शिक्षण शाळेत थोडे आणि युनियनच्या कचेरीतील कपाटात अधिक झाले. त्या कपाटातील पुस्तकांनी एक सवय लावली. कोणतीही वस्तू हाती आली की ती कोणाच्या श्रमांनी घडली, हे आधी विचारावयाचे. ‘डस्टी इन मेम्फिस’ या तबकडीकडे मी त्याच सवयीने पाहतो.

मेम्फिस हे अमेरिकेतील गाव मला प्रथम कळले ते गाण्यामुळे नव्हे, संपामुळे. १ फेब्रुवारी १९६८ रोजी पावसापासून आडोसा म्हणून कचऱ्याच्या गाडीत शिरलेले एकोल कोल व रॉबर्ट वॉकर हे दोन सफाई कामगार तिच्या यंत्रात चिरडून मेले. १२ फेब्रुवारीस सुमारे १३०० कामगारांनी संप पुकारला. त्यांच्या फलकांवर ‘मी माणूस आहे’ एवढेच शब्द होते. सफाई कामगारांच्या वस्तीत मीही सभा घेतल्या आहेत. त्या शब्दांचा अर्थ मला कोशात पाहावा लागला नाही. त्यांच्या पाठिंब्यास आलेले मार्टिन ल्यूथर किंग ४ एप्रिलला तेथेच गोळीस बळी पडले. १६ एप्रिलला तडजोड झाली. युनियनला मान्यता आणि पगारवाढ मिळाली.

त्यानंतर पाच महिन्यांनी, सप्टेंबरात, लंडनच्या डस्टी स्प्रिंगफील्ड त्या गावी गाणी मुद्रित करण्यास आल्या. ही बाई लेचीपेची नव्हती. १९६४ साली दक्षिण आफ्रिकेत, काळे-गोरे एकत्र बसतील अशाच श्रोत्यांपुढे गाईन, अशी अट तिने करारात घातली होती. ती अट तिने पाळली, म्हणून तेथील सरकारने तिला देशाबाहेर काढले. परंतु मेम्फिसच्या अमेरिकन साउंड स्टुडिओत, जेथे विल्सन पिकेटसारखे गायक गायले होते तेथे, तिच्यावर दडपण आले. अखेर तिचा आवाज पुढे न्यूयॉर्कला मुद्रित करावा लागला.

या गाण्यांत संपाचा उल्लेख नाही. ती प्रेमाची आणि विरहाची गाणी आहेत. ओढूनताणून नाते जोडणे हे इतिहासाचे काम नव्हे. पण हात मोजणे हे त्याचे काम आहे. गिटार आणि विजेची सतार रेजी यंग यांची, बास टॉमी कॉगबिल यांचा, ड्रम जीन क्रिसमन यांचे, ऑर्गन बॉबी एमन्स यांचा, पियानो बॉबी वुड यांचा. हे सारे गोरे वादक. पाठीमागचे सूर ‘स्वीट इन्स्पिरेशन्स’ या कृष्णवर्णी स्त्रियांचे. निर्माते तिघे : जेरी वेक्सलर, टॉम डाउड आणि इस्तंबूलचे आरिफ मार्दिन. लंडनच्या मुद्रणांत डस्टीबाई स्वतः वाद्यवृंदाकडून हवे तसे काम करून घेत. वेष्टनावर निर्माता म्हणून नाव मात्र दुसऱ्याचे छापले जाई. श्रम एकाचे आणि नाव दुसऱ्याचे, हा प्रकार केवळ गिरणीतच चालतो असे नाही.

यातील धर्मोपदेशकाच्या मुलाचे गाणे दोन्ही देशांत पहिल्या दहांत गेले. १९६९ साली निघालेली संपूर्ण तबकडी मात्र अमेरिकेच्या यादीत ९९ व्या क्रमांकापुढे सरकली नाही, आणि ब्रिटनच्या यादीत तिला स्थानच मिळाले नाही. पुढे १९९४ साली ‘पल्प फिक्शन’ चित्रपटातून ते गाणे नव्या पिढीच्या कानी पडले. २०२० साली अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने ही तबकडी जतन करण्याजोग्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रणांत घेतली. डस्टीबाई तोवर नव्हत्या. १९९९ सालीच त्या वारल्या होत्या.

माझ्या हयातीत माझ्या हातून दोन संप फसले. त्यांतील मागण्या पुढे दहा-बारा वर्षांनी इतरांनी मिळवून घेतल्या. त्या वेळी आमच्यातील काही सोबती ते पाहण्यास उरले नव्हते. म्हणून खपाच्या आकड्यावरून कामाची किंमत करण्यास माझा हात धजत नाही. आपण ही तबकडी ऐकाल, तेव्हा वेष्टनावरील बारीक अक्षरांतील नावे एकदा अवश्य वाचावी, एवढी विनंती करून आपली रजा घेतो.