रस्ता अडला, दाद कोणी मागायची?

वहिवाटीचा रस्ता कोणी अडवला तर न्यायालयात जावे, हे आज सरळ वाटते. दीडशे वर्षांपूर्वी ते तसे नव्हते. 1877 साली मुंबई उच्च न्यायालयापुढे ताबुतांच्या मिरवणुकीचा एक दावा आला. सार्वजनिक रस्त्याने ताबूत नेताना आपल्याला अडवले जाते, अशी वादींची तक्रार होती. रस्ता सगळ्यांचा आहे याबद्दल वाद नव्हता. प्रश्न आला तो निराळाच. इतरांहून वेगळे असे तुमचे खास नुकसान काय झाले? ते दाखवता आले नाही आणि दावा टिकला नाही. सार्वजनिक उपद्रवाबद्दल सरकारने खटला भरावा, एकट्यादुकट्याला दावा लावायचा तर त्याने विशेष हानी सिद्ध करावी, हा इंग्लंडमधला नियम इथे जसाच्या तसा लावला गेला. परिणाम असा की जो रस्ता सगळ्यांचा, त्यासाठी भांडण्याचा हक्क कोणालाच उरला नाही.

फौजदारी वाट होती, पण तिची किल्ली अधिकाऱ्याच्या कमरेला. दंडसंहितेच्या 283व्या कलमाखाली रस्ता अडवणाऱ्याला जास्तीत जास्त 200 रुपये दंड होई. 1860 साली ही रक्कम भारी होती, पुढे ती चेष्टेचा विषय झाली. फौजदारी प्रक्रिया संहितेचे 133वे कलम अधिक कामाचे. त्याखाली मॅजिस्ट्रेट सशर्त हुकूम काढी: अडथळा काढा, नाहीतर हजर राहून का काढू नये ते सांगा. 1898च्या संहितेत हुकूम निघालेल्या माणसाला पंच मागता येत. किमान पाच, संख्या विषम. प्रमुख आणि उरलेल्यांपैकी निम्मे मॅजिस्ट्रेटने नेमायचे, बाकीचे अर्जदाराने. गावातल्या माणसांनीच गावातला अडथळा पाहून निर्णय द्यावा, ही तरतूद मला आजही शहाणपणाची वाटते. नंतरच्या संहितेत ती राहिली नाही.

दिवाणी दार किलकिले झाले ते 1908च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने. विशेष नुकसान नसले तरी अॅडव्होकेट जनरलच्या संमतीने दोघांना दावा लावता येऊ लागला. 1976च्या दुरुस्तीनंतर न्यायालयाची परवानगी पुरू लागली. त्याआधीच, 1924 साली, औरंगाबादच्या (मराठवाड्यातल्या नव्हे, संयुक्त प्रांतातल्या) शिया-सुन्नी वादात प्रिव्ही कौन्सिलने मुंबईचा तो जुना नियम इथे गैरलागू ठरवला. मिरवणूक काढण्याचा हक्क आहे आणि त्यासाठी दावाही लावता येतो, मात्र इतरांच्या नेहमीच्या वापरात व्यत्यय येता कामा नये आणि मॅजिस्ट्रेटचे कायदेशीर हुकूम पाळले पाहिजेत. पुढची सारी गुंतागुंत या अटींत आहे. तक्रारदारांचे वर्तुळ रुंदावले तसे, अडवणारा म्हणून ज्याच्याकडे बोट दाखवायचे त्यालाही रस्त्यावर काही हक्क आहे, हे न्यायालयाला मान्य करावे लागले.

1985च्या जुलैत हे मुंबईत स्पष्ट दिसले. सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या काळात एकाच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल आले. पदपथ राहण्यासाठी नाही, तरी झोपडी पाडण्याआधी माणसाचे म्हणणे साधारणपणे ऐकावे, हा एक. फेरीवाल्यांसाठी क्षेत्रे आखून द्यावीत, हा दुसरा. यावर आक्षेप असा की नकाशे काढणे हे न्यायाधीशाचे काम नव्हे, ते महापालिकेने करावे. आक्षेप तत्त्वतः बरोबर आहे. पण 1888च्या महापालिका कायद्याच्या 314व्या कलमाने आयुक्तांना रस्त्यावरची अतिक्रमणे नोटीस न देताही हटवण्याचा अधिकार दिला होता. शतकभर हाताशी असलेल्या या अधिकाराने प्रश्न सुटला असता तर लोकांनी न्यायालयाची पायरी चढली नसती. पालिकांच्या टाळाटाळीला उत्तर 1980 साली रतलामच्या गटारांच्या खटल्यात मिळाले होते. पैसे नाहीत ही सबब न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ऐकून घेतली नाही.

दुसरा आक्षेप जास्त बोचरा आहे: न्यायालयात जातात ते सोसायट्यांतले सुखवस्तू, हटवली जाते ती टोपली घेऊन बसलेली बाई. हे पुष्कळदा खरे आहे. पण स्टेशनाबाहेरच्या गर्दीत चेंगरणाऱ्यांत तिच्याच वर्गातली माणसे असतात, आणि 1985चे दोन्ही खटले पदपथावरच्यांच्याच बाजूने लढवलेले होते. न्यायालयाची खरी उणीव मला अंमलबजावणीत दिसते. रेल्वे स्थानकापासून 150 मीटरपर्यंत फेरी नको, असे सर्वोच्च न्यायालयाने 2003 साली सांगितले. 29 सप्टेंबर 2017 रोजी मुंबईतल्या एल्फिन्स्टन रोड स्थानकाच्या पुलावर 23 जण चेंगरून मेले. ते फेरीवाल्यांमुळे मेले असे म्हणता येत नाही, पण वाद पेटला आणि 1 नोव्हेंबरला उच्च न्यायालयाने पुन्हा तेच 150 मीटर सांगितले. मधली चौदा वर्षे तो आकडा कागदावरच होता. दरम्यान 2014 सालच्या पथविक्रेता कायद्याने क्षेत्र ठरवताना पालिकेने शहर पथविक्रेता समितीची शिफारस घ्यावी असे सांगितले, त्या समितीत किमान 40 टक्के प्रतिनिधी विक्रेत्यांचे ठेवले आणि सर्वेक्षण होऊन प्रमाणपत्रे वाटली जाईपर्यंत कोणाला उठवू नये असेही लिहिले. त्यामुळे पदपथ मोकळा मागणाऱ्या पादचाऱ्याची याचिका आता आधी त्याच सर्वेक्षणापाशी येऊन अडते.