ऑगस्ट, जोसेफ
(२६ एप्रिल १८९०–२५ सप्टेंबर १९४७). अमेरिकन चित्रपट-छायालेखक. जन्म कोलोरॅडो राज्यातील आयडाहो स्प्रिंग्झ येथे. १९११ च्या सुमारास टॉमस इन्स या निर्मात्याच्या कॅलिफोर्नियातील चित्रपटस्थळावर तो घोडे राखण्याच्या कामास लागला व पुढे छायालेखनाकडे वळला. विल्यम हार्ट या अश्वारूढ नायकाच्या हेल्स हिंजेस (१९१६), द नॅरो ट्रेल (१९१७) इ. मूकपटांचे छायालेखन त्याचेच. टंबलवीड्समध्ये (१९२५) ओक्लाहोमातील १८९३ च्या जमीनवाटपाची घोडदौड त्याने चित्रित केली. गुराख्यांची मोकळी कुरणे वसाहतवाल्यांच्या हाती कशी गेली, हे भरधाव घोडे, गाड्या व विस्तीर्ण माळ यांतूनच तीत प्रत्ययास येते. अशा चित्रपटांचे श्रेय बहुधा नायकांना मिळाले. तथापि त्यांतील भूदृश्य घोड्यांत वावरलेल्या या छायालेखकाने टिपलेले आहे. गंगा दीन (१९३९) व पोर्ट्रेट ऑफ जेनी (१९४८) यांसाठी त्यास ऑस्कर नामांकने लाभली. दुसरे मरणोत्तर होते.