छपरावरचा ससा

जर्मन भाषेत मांजराला गमतीनं ‘डाखहाझं’ म्हणतात, म्हणजे छपरावरचा ससा. शब्द गोंडस आहे, पण त्याच्यामागे भूक आहे. मुंडकं आणि पंजे काढून सोललेलं मांजर सशासारखंच दिसतं. टंचाईच्या दिवसांत ते ससा म्हणून खपवलं जायचं.

जर्मन टीव्हीवर थेट दाखवलेलं पहिलं नाटक म्हणून ज्याचं नाव घेतलं जातं, ते याच अदलाबदलीवर उभं आहे. २७ ऑक्टोबर १९५३ रोजी कोलोनच्या मिलोविच थिएटरमधून ‘डेअर एटापनहाझं’ प्रक्षेपित झालं. पश्चिम जर्मनीत नियमित टीव्ही सुरू होऊन वर्षही झालं नव्हतं. लाइव्ह म्हणजे रिटेक नाही, एडिट नाही. समोरचा प्रेक्षक हसला की तेच हसू घरोघरी.

गोष्ट पहिल्या महायुद्धातली, फ्लँडर्समधली. आघाडीच्या मागे जर्मन सैनिकांचा मुक्काम आहे. तिथे सशाच्या जागी मांजर येतं आणि सगळा घोळ सुरू होतो. वेशांतराच्या फार्समध्ये माणसं ओळखण्यात चूक होते, इथे जेवणच ओळखण्यात. १९१६-१७चा हिवाळा जर्मनीनं सलगमावर काढला होता. १९४६-४७चा हिवाळाही उपाशीच गेला. त्यामुळे १९५३च्या प्रेक्षकाला हा विनोद समजावून सांगावा लागला नसणार. त्यातल्या काहींनी तो खाल्लाही असेल.

मला खटकते ती नाटकाची जन्मतारीख. कार्ल बुन्येचं हे नाटक १९३५चं. त्याच वर्षी हिटलरनं सक्तीची लष्करभरती पुन्हा सुरू केली. अशा वेळी खंदक, प्रेतं बाजूला ठेवून स्वयंपाकघरातला सैनिक रंगवणं निरागस राहत नाही, लेखकाचा हेतू काहीही असो. युद्धही इथे ससा म्हणून वाढलेलं मांजरच आहे.

पण विली मिलोविचला मी एवढ्यावरून धारेवर धरणार नाही. १९४५ मध्ये कोलोनचं मध्यवर्ती शहर जवळजवळ बेचिराख झालं होतं. तेव्हाचे महापौर कोनराड आडेनाउअर यांनीच त्याला थिएटर लवकर उघडायला सांगितलं, कारण लोकांना हसायला काहीतरी हवं होतं. त्याच सप्टेंबरात पडदा वर गेला. १९५३ मध्ये, हे नाटक टीव्हीवर आलं तेव्हा, आडेनाउअर देशाचे चॅन्सेलर होते आणि जर्मनीनं पुन्हा सैन्य उभारावं का, यावर वाद पेटला होता.

दोन वर्षांनी ते सैन्य उभं राहिलं. मिलोविचची नाटकं पुढे कित्येक दशकं टीव्हीवर लागत राहिली.