नेपोलियनचे युग आणि गोदावरीचा काठ

एकोणिसाव्या शतकातील युरोपच्या इतिहासाचे पहिले मोठे वळण म्हणजे फ्रेंच राज्यक्रांतीतून उद्भवलेली इंग्लंड-फ्रान्स युद्धे आणि त्यांचा 1815 साली वॉटर्लूच्या रणांगणावर झालेला शेवट. पाठ्यपुस्तकांत हे वळण पॅरिस, व्हिएन्ना आणि लंडन यांच्या संदर्भात शिकवले जाते. परंतु त्या संघर्षाची एक महत्त्वाची आघाडी गोदावरीच्या खोऱ्यात होती, आणि बीड जिल्ह्याच्या गेवराई तालुक्यातील उमापूरसारखी गावे पुढील दीडशे वर्षे कोणत्या राजवटीखाली नांदणार, हे बऱ्याच अंशी त्याच आघाडीवर ठरले.

हा प्रदेश मराठे आणि निजाम यांच्यातील सत्तास्पर्धेचे जुने क्षेत्र होता. 1728 मध्ये पालखेडच्या पराभवानंतर निजामाने मुंगी-शेवगाव येथे बाजीरावाशी तह केला, तर 1763 मध्ये गेवराई तालुक्यातीलच राक्षसभुवन येथे माधवराव पेशव्यांनी निजाम अलीचा निर्णायक पराभव केला. त्या काळात फ्रेंच सेनानी बुसी याच्या प्रभावामुळे दख्खनमध्ये कवायती पायदळाचे महत्त्व वाढले होते. युरोपीय पद्धतीने रांगेत उभे राहून एका हुकुमासरशी बंदुका झाडणाऱ्या या शिपायांना मराठी कागदपत्रांत ‘गारदी’ म्हटले आहे.

शतकाच्या अखेरीस दोन्ही दरबारांत अशा फौजांची चढाओढ लागली. महादजी शिंदे यांनी सॅव्हॉय प्रांतातून आलेल्या द बॉइन्य याच्याकडून तोफखान्यासह ‘कंपू’, म्हणजे अनेक पलटणींचे स्वतंत्र लढू शकणारे दल, उभे केले, आणि निजामाने रेमंड या फ्रेंच सेनानीकडे आपले पायदळ सोपवले. मार्च 1795 मध्ये बीडच्या सीमेलगत खर्डा येथे मराठ्यांनी निजामाला नमवले, त्या वेळी इंग्रज तटस्थ राहिले; त्यामुळे निजामाचा त्यांच्यावरील विश्वास ढळला, आणि रेमंडचे दल वाढत जाऊन सुमारे चौदा हजारांवर पोहोचले. फ्रेंच प्रजासत्ताकाचे तिरंगी निशाण मिरवणारी ही फौज हैदराबादेत असणे इंग्रजांना धोक्याचे वाटू लागले.

1798 हे वर्ष येथे कलाटणी देणारे ठरले. जुलैमध्ये नेपोलियन इजिप्तमध्ये उतरला आणि तेथून तो हिंदुस्थानकडे वळेल, टिपू सुलतानाशी हातमिळवणी करील, ही भीती गव्हर्नर जनरल लॉर्ड वेलस्ली याच्या धोरणाचा आधार बनली. रेमंड त्याच वर्षी मार्चमध्ये मरण पावला होता. 1 सप्टेंबर रोजी निजामाने इंग्रजांशी तैनाती फौजेचा करार केला. आपल्या राज्यात इंग्रजी फौज ठेवून तिचा खर्च सोसावा, आणि इतर युरोपीय सत्तांच्या माणसांना नोकरीत ठेवू नये, असा त्याचा आशय होता. ऑक्टोबरमध्ये फ्रेंच दलाची शस्त्रे काढून घेण्यात आली. निजामाचे राज्य टिकले, परंतु त्याचे परराष्ट्र धोरण आणि सैन्यबळ इंग्रजांच्या हाती गेले.

मार्च 1802 मध्ये इंग्लंड व फ्रान्स यांच्यात झालेला आमियाँचा तह मे 1803 मध्ये मोडला आणि दख्खनमध्ये इंग्रजांचे शिंदे व नागपूरकर भोसले यांच्याशी युद्धही त्याच वर्षी पेटले. गव्हर्नर जनरलचा धाकटा भाऊ आर्थर वेलस्ली याने ऑगस्टमध्ये अहमदनगरचा किल्ला घेतला आणि गोदावरी ओलांडली. शिंदे व नागपूरकर भोसले अजिंठ्याचा घाट चढून जालन्याकडे आले असता त्यांना हैदराबादची वाट मिळू नये म्हणून सप्टेंबरच्या प्रारंभी तो नदीच्या आश्रयाने पूर्वेकडे सरकून राक्षसभुवनच्या परिसरात आला. 23 सप्टेंबर रोजी खेळणा आणि जुई या नद्यांच्या दुआबात असई येथे लढाई झाली. शिंद्यांच्या कवायती पायदळाचे नेतृत्व पोलमन या जर्मन अधिकाऱ्याकडे होते. त्यांच्या तोफांच्या माऱ्याने इंग्रजांच्या बाजूची दीड हजारांहून अधिक माणसे मृत वा जखमी झाली, तरीही विजय वेलस्लीला मिळाला. वॉटर्लूला नेपोलियनचा पराभव करणारा ड्यूक ऑफ वेलिंग्टन तो हाच. डिसेंबर 1803 च्या सुर्जी-अंजनगावच्या तहात शिंद्यांनी फ्रेंचांना, तसेच इंग्रजांशी युद्धात असलेल्या कोणत्याही सत्तेच्या प्रजाजनांना, नोकरीत न ठेवण्याचे मान्य केले. या विजयाची किंमत मात्र रयतेला मोजावी लागली, कारण फौजांच्या वावराने उद्ध्वस्त झालेल्या दख्खनवर अवर्षण कोसळले आणि 1803-04 चा भीषण दुष्काळ पडला.

व्हिएन्ना परिषदेने युरोपचा नकाशा नव्याने आखल्यानंतर तीनच वर्षांत, 1818 साली, पेशवाई संपली आणि गोदावरीकाठचा नकाशाही नव्याने आखला गेला. शेवगावचा प्रदेश इंग्रजांच्या अहमदनगर जिल्ह्यात गेला, तर त्याच्या पूर्वेस असलेले उमापूर आणि बीडचा मुलूख निजामाकडे राहिला. एकाच बोलीची, एकाच दिंडीत पंढरपूरला जाणारी माणसे दोन राज्यांत विभागली गेली. पश्चिमेस रयतवारी मोजणी, मराठी शाळा आणि वृत्तपत्रे आली. पूर्वेस कारभार आधी फारसीत आणि 1880 च्या दशकापासून उर्दूत चालला, नाणे निजामाच्या हाली शिक्क्याचे राहिले, आणि जिल्ह्यांची नवी घडी सालारजंग यांच्या दिवाणगिरीत 1865 च्या सुमारास बसली. मराठवाडा सप्टेंबर 1948 मध्ये भारतीय संघराज्यात आला, आणि 1956 मध्ये तो मुंबई राज्यात सामील झाला तेव्हाच ही राजकीय सीमा पुसली गेली.

म्हणून मराठवाड्याच्या मागासलेपणाची चर्चा केवळ पाऊसमानापासून किंवा निजामाच्या कारभारापासून सुरू करणे अपुरे आहे. ज्या राजवटीला रयतेच्या असंतोषाचा धाक उरला नव्हता, ती इंग्रजी संगिनींच्या आधारावर टिकली, आणि तो आधार तिला नेपोलियनच्या भीतीतून मिळाला होता. युरोपच्या इतिहासाचे हे वळण गेवराईच्या शाळेत शिकवताना राक्षसभुवन, खर्डा आणि असई यांची नावे वॉटर्लूच्या आधी फळ्यावर यायला हवीत. तेव्हाच विद्यार्थ्याला जगाचा इतिहास आपल्या गावाच्या इतिहासापासून वेगळा नाही, याची खात्री पटेल.