पडद्यावरील वास्तव मापदर्शन

वेबपानावरचा एखादा घटक कोणत्याही पडद्यावर मोजपट्टीने मोजल्यास ठरवलेल्या मापाएवढाच भरेल, अशा रीतीने दाखवण्याचे तंत्र. अंगठीचे माप, दृष्टितपासणीचा तक्ता, मोजपट्टी अशा ठिकाणी त्याची गरज पडते.

सीएसएस या मांडणीभाषेत इंच व सेंटिमीटर ही एकके आहेत; पण पडद्यावर ती नावापुरतीच. तेथे 1 इंच म्हणजे 96 सीएसएस पिक्सेल, असे नाते पक्के ठरवलेले आहे. हा पिक्सेल पडद्यावरचा प्रत्यक्ष ठिपका नव्हे. हातभर, म्हणजे 28 इंच अंतरावरून तो जेवढा दिसावा, त्यावरून त्याचे मूळ माप बांधलेले असून ते सुमारे 0.26 मिलिमीटर भरते. फोन डोळ्यांजवळ धरला जातो, म्हणून तेथे हाच पिक्सेल लहान होतो. आयफोन 8 वर सीएसएसचा 1 इंच जेमतेम दीड सेंटिमीटर भरतो.

एका सीएसएस पिक्सेलमागे पडद्याचे किती ठिपके, हे गुणोत्तर ब्राउझर सांगतो; पण पडद्याची खरी रुंदी सांगत नाही. प्रोजेक्टरच्या बाबतीत तर ती भिंतीच्या अंतरावर अवलंबून असते.

यावर रुळलेला उपाय एटीएम कार्डाचा. आंतरराष्ट्रीय मानकानुसार त्याची रुंदी 85.60 मिलिमीटर असते. कार्ड पडद्याला टेकवून पडद्यावर दाखवलेला चौकोन सरकपट्टीने कार्डाच्या रुंदीशी जुळवायचा. चौकोन 400 पिक्सेलांवर जुळला, तर 1 मिलिमीटरला सुमारे 4.67 पिक्सेल लागतात. 50 मिलिमीटरची पट्टी 234 पिक्सेलांची काढावी लागते.

ब्राउझरचा झूम किंवा पडदा बदलल्यास ही जुळणी पुन्हा करावी लागते.