प्लेग संशोधन प्रयोगशाळा, परळ

वसाहतकालीन मुंबईत वैद्यकीय संशोधन व शासनसत्ता यांचे नाते या संस्थेच्या इतिहासात विशेष स्पष्टपणे दिसते. सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवी भागात डॉ. अकासियो व्हिएगस यांनी प्लेगचे निदान केले. रोगाचा जंतू १८९४ मध्येच हाँगकाँग येथे सापडला होता. पिसवांमार्फत होणारा प्रसार मात्र अज्ञात होता. त्यामुळे शासनाने उंदरांपेक्षा माणसांचाच अधिक पाठलाग केला. घरझडती, सक्तीचे विलगीकरण, मालमत्तेची नासधूस या उपायांना १८९७ च्या साथरोग अधिनियमाने कायद्याचे बळ दिले. त्याआधीच, ऑक्टोबर १८९६ मध्ये, गिरणी कामगारांच्या जमावाने आर्थर रोडच्या रुग्णालयावर हल्ला केला होता. मार्च १८९८ मध्ये शहरात दंगल उसळली.

याच काळात ओडेसा येथे जन्मलेले ज्यू जंतुशास्त्रज्ञ वॉल्डेमार हाफकिन (१८६०–१९३०) यांनी ग्रँट मेडिकल कॉलेजात प्लेगची लस तयार केली. १० जानेवारी १८९७ रोजी त्यांनी ती प्रथम स्वतःस टोचून घेतली. पुढील चाचणी भायखळ्याच्या तुरुंगातील स्वेच्छेने पुढे आलेल्या कैद्यांवर झाली. तुरुंगातील स्वेच्छेचा अर्थ कितपत घ्यावा, हा प्रश्न उरतोच. आगाखान यांनी अनुयायांसमोर लस टोचून घेतल्याने भीती ओसरण्यास साहाय्य झाले. १८९९ मध्ये प्रयोगशाळा परळच्या जुन्या राजभवनात आली.

३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातील मुलकोवाल येथे लस टोचलेल्या १०७ जणांपैकी १९ जण धनुर्वाताने दगावले. ते सर्व एकाच बाटलीतील लस घेतलेले होते. चौकशीत दोष परळच्या प्रयोगशाळेवर ठेवण्यात आला व हाफकिन यांना पदावरून दूर केले गेले. वस्तुतः त्या बाटलीचे बूच काढण्याचा चिमटा गावातच जमिनीवर पडला होता व तो नीट निर्जंतुक न करताच वापरला गेला होता. रोनल्ड रॉस यांच्यासह अनेक शास्त्रज्ञांनी १९०७ मध्ये त्यांची बाजू जाहीरपणे मांडली. तेव्हा ते दोषमुक्त झाले, परंतु त्यांची नेमणूक परळऐवजी कलकत्त्यास झाली.

डेव्हिड आर्नल्ड यांच्या कलोनायझिंग द बॉडी (१९९३) या ग्रंथात वसाहतीतील वैद्यकाने एतद्देशीयांच्या शरीरावर अधिकार कसा सांगितला, याचे विवेचन आहे. प्लेगकाळातील झडत्यांस ते चपखल लागू पडते. मात्र परळचे प्रकरण आणखी एक गोष्ट दाखवते : नोकरशाहीच्या उतरंडीबाहेरच्या शास्त्रज्ञाचे ज्ञान शासनास हवे होते, त्याची प्रतिष्ठा जपण्याची निकड मात्र नव्हती.

प्रयोगशाळेचे कार्य त्यांच्या पश्चातही चालू राहिले. १९०५ पासून प्लेग संशोधन आयोगाने येथेच प्रयोग करून उंदरांवरील पिसवांचा रोगप्रसारातील भाग सिद्ध केला. १९२५ मध्ये संस्थेस हाफकिन यांचे नाव देण्यात आले; ते तेव्हा युरोपात राहत होते.